घरच्यांना काय आठवतं?

खून झाला तेव्हा घरची मंडळी तिथे नव्हती, मग त्यांना विचारून काय मिळणार? बरंच काही. गेलेला माणूस रोज कसा वागायचा, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार! अनोळखी माणसाला तो कधीच दार उघडायचा नाही, हे घरचेच सांगू शकतात. दार आतून उघडलेलं आणि टेबलावर दोन कप, एवढ्यावरून फारसं काही कळत नाही. त्याला ही सवय जोडली की ‘येणारा ओळखीचा असावा’ असा तपासाला रोख मिळतो.

पण शोकात बुडालेल्या माणसाच्या आठवणींवर भरवसा ठेवायचा का? २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात याचं अनपेक्षित उत्तर मिळालं. ज्यांचं दुःख दीर्घकाळ ओसरत नाही, त्यांना स्वतःच्या आयुष्यातले नेमके प्रसंग सांगणं जड गेलं. उत्तरं मोघम आली. गेलेल्या माणसाच्या आयुष्यातले प्रसंग मात्र त्यांनी इतर शोकग्रस्तांइतकेच नेमके सांगितले.

खरी अडचण बहुधा विचारणाऱ्याची असते. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ रोनाल्ड फिशर आणि एडवर्ड गायझलमन यांनी १९८०च्या दशकात पोलिसांच्या जबाबांच्या ध्वनिफिती ऐकल्या. साक्षीदार बोलू लागला की सरासरी साडेसात सेकंदांत त्याला तोडलं जायचं! या दोघांनी विकसित केलेल्या ‘कॉग्निटिव्ह इंटरव्ह्यू’ पद्धतीत आधी त्या वेळची जागा, आवाज, मनःस्थिती डोळ्यांसमोर आणायला सांगतात. क्षुल्लक वाटलं तरी बोला, म्हणतात. मग तोच दिवस शेवटाकडून सुरुवातीकडे सांगायला लावतात. सरळ क्रमाने सांगताना ‘रोजच्यासारखा आठला निघाला’ असं सवयीने तोंडून जातं. उलट क्रमात ‘थांबा, त्या दिवशी तो पुन्हा घरात आला होता’ हे आठवण्याची शक्यता वाढते.

प्रश्नातला एखादा शब्दही घात करतो. मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस यांनी १९७४ मध्ये मोटार अपघाताची फिल्म दाखवून काहींना गाड्या ‘धडकल्या’ तेव्हाचा वेग विचारला, तर काहींना ‘चक्काचूर झाल्या’ तेव्हाचा. आठवड्याने ‘फुटलेली काच दिसली का?’ या प्रश्नाला पहिल्या गटात ५० पैकी ७ जण हो म्हणाले, दुसऱ्यात १६. फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती. मग ‘त्याचं त्या शेजाऱ्याशी वैर होतं ना?’ हा प्रश्न काय करील?

त्यात घरातली चर्चा. संशयिताचं नाव कळलं की त्याची साधी भेटही मागाहून खटकू लागते, आणि एकाचा तर्क दुसऱ्याची आठवण होऊन बसतो. म्हणून प्रत्येकाशी वेगवेगळं आणि होईल तितक्या लवकर बोलतात, मिळालेला धागा फोनच्या नोंदींशी किंवा सीसीटीव्हीशी ताडून पाहतात.