हवेतली घाण तेलात: ऑइल फिल्टरची पार्श्वभूमी

वाहनांच्या प्रदूषणाचा विषय निघाला की बोट थेट सायलेन्सरकडे जाते. इंधन कोणते, धूर किती, धुरातले घातक वायू कमी करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर धड आहे का, एवढ्यावर चर्चा आटोपते. इंजिनाच्या अंगाला चिकटलेला ऑइल फिल्टर कोणाच्या खिजगणतीतही नसतो. सर्व्हिसिंगच्या बिलात त्याची एक ओळ येते आणि तिथेच तो विसरला जातो. दुसरीकडे, फिल्टर बदलला की धूर लगेच कमी होतो असेही सर्रास सांगितले जाते. ते खरे नाही. हा फिल्टर तेल गाळतो, धूर गाळत नाही.

तरीही हवेशी त्याचे नाते आहे, आणि ते जुने आहे. गेल्या साठ-पासष्ट वर्षांत हवा स्वच्छ ठेवण्यासाठी इंजिनात जे महत्त्वाचे बदल झाले, त्यांतल्या अनेकांनी बाहेर जाणारी घाण अडवली आणि तिचा काही वाटा तेलात वळवला. ती सोसण्याचे काम तेलावर आणि त्याच्या फिल्टरवर येऊन पडले. पुढे तो फिल्टरच कचरा झाला आणि त्याचे काय करायचे हा प्रश्न उभा राहिला.

सुरुवातीच्या मोटारींना ऑइल फिल्टर नव्हताच. फोर्डच्या मॉडेल टी गाडीत फिरते भाग तेल उडवत आणि त्या शिंतोड्यांवर इंजिन चाले. इतर गाड्यांत फार तर पंपाच्या तोंडाशी तारेची जाळी असे. तिच्यात खडा अडकला असता, धुळीचा कण मुळीच नाही. रस्ते कच्चे होते आणि बहुतेक इंजिनांना हवेचा फिल्टरही नव्हता, त्यामुळे धूळ कार्बुरेटरवाटे सिलिंडरमध्ये जाई आणि तिथून तेलात उतरे. काही शे मैल झाले की तेल बदलण्यावाचून इलाज नसे. काढलेले तेल जमिनीत मुरे, नाल्यात जाई, नाहीतर धूळ बसावी म्हणून कच्च्या रस्त्यावर ओतले जाई. ही शेवटची पद्धत तर कित्येक दशके टिकली.

1923 साली अमेरिकेत अर्नेस्ट स्वीटलँड आणि जॉर्ज ग्रीनहाल्ग यांनी मोटारीच्या तेलासाठी फिल्टर तयार केला. तोच पुढे ‘प्युरोलेटर’ म्हणून बाजारात आला. 1924 च्या ‘क्रायस्लर सिक्स’ या गाडीत तेलाचा फिल्टर आणि हवेचा फिल्टर दोन्ही होते. ही जोडी महत्त्वाची आहे, कारण तेलातली बरीचशी घाण मुळात हवेवाटेच येते. हवेचा फिल्टर फाटका असेल तर तेलाचा फिल्टर कितीही चांगला असो, तो पुरा पडत नाही.

त्या काळचे फिल्टर बायपास पद्धतीचे होते. पंपाने ढकललेल्या तेलाचा जेमतेम दहावा हिस्सा त्यांतून जाई आणि बाकीचे तसेच बेअरिंगांकडे, म्हणजे फिरत्या भागांच्या आधारांकडे. सगळे तेल आधी फिल्टरमधून आणि मग इंजिनात, ही ‘फुल फ्लो’ रचना 1940 च्या दशकात रुळू लागली. तिच्यात एक धोका होता. फिल्टर तुंबला तर इंजिनाला तेलच मिळणार नाही. म्हणून फिल्टरमध्ये किंवा त्याच्या बैठकीत एक स्प्रिंगचा व्हॉल्व्ह बसवला गेला. कागद तुंबून दाब वाढला की तो उघडतो आणि न गाळलेले तेल पुढे सोडतो. फिल्टर बदलायला फार उशीर केला तर काय होते, याचे उत्तर या व्हॉल्व्हमध्ये आहे. इंजिन बंद पडत नाही, आवाज बदलत नाही, चालकाला काहीच कळत नाही. इंजिन मळक्या तेलावर चालत राहते आणि आतून झिजत राहते. 1950 च्या दशकाच्या मध्यावर आटे फिरवून बसवायचा, संपूर्णच बदलायचा पत्र्याचा डबा आला आणि मेकॅनिकचे काम काही मिनिटांवर आले. सोय प्रचंड झाली. पण आधी फक्त आतली गुंडाळी फेकली जाई, आता तिच्यासोबत पत्रा, रबर आणि स्प्रिंगही फेकली जाऊ लागली.

याच काळात तेलही बदलत होते. 1930 च्या दशकात, आधी डिझेल इंजिनांसाठी, तेलात डिटर्जंट घालायला सुरुवात झाली. त्याआधीच्या तेलात काजळी आणि चिकटा तळाशी बसत असे. नव्या तेलाने ती घाण अंगावर घेतली आणि तरंगत ठेवली. म्हणून आजचे तेल लवकर काळे पडते. ‘ऑइल काळं पडलं, म्हणजे खराब झालं’ ही तक्रार गॅरेजमध्ये रोज ऐकू येते, पण विशेषतः डिझेल गाडीत काळे तेल हे आपले काम करत असलेले तेल असते. तरंगणारी काजळी एक मायक्रॉनहूनही (मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहूनही) बारीक असते आणि साध्या फिल्टरच्या कागदातून ती आरपार जाते. ती सांभाळायची तेलातल्या रसायनांनी. फिल्टरने पकडायचे ते त्याहून मोठे: धूळ, धातूचा चुरा, कडक झालेला कार्बन.

वापरलेला फिल्टर कापून पाहिला की हे नीट दिसते. तोंडाशी कडेने बारीक भोके असतात, त्यांतून तेल आत शिरते. भोकांच्या मागे रबराची चकती असते. इंजिन बंद झाल्यावर तेल उलटे वाहून जाऊ नये म्हणून. मधल्या आट्याच्या भोकातून गाळलेले तेल बाहेर पडते. आत निऱ्या घातलेला कागद. तो कापून उलगडला, शिकंज्यात दाबून तेल पिळून काढले आणि उजेडात धरला की निऱ्यांच्या खाचांत चमचम दिसते. त्यावरून चुंबक फिरवला की लोखंडाचा चुरा उचलला जातो. जी चमक चुंबकाला दाद देत नाही ती बहुधा बेअरिंगची किंवा पिस्टनच्या ॲल्युमिनियमची. जाणते मेकॅनिक इंजिनाची तब्येत यावरून सांगतात.

हवेचा धागा इथे जुळतो. चालत्या बेअरिंगमध्ये धातू आणि धातू यांच्यामध्ये तेलाचा जो थर असतो तो काही मायक्रॉनांचाच. माणसाचा केस साधारण 70 मायक्रॉन जाड, म्हणजे नुकसान करणारे कण डोळ्यांना दिसतही नाहीत. साधारण 5 ते 20 मायक्रॉनचे कण सगळ्यांत घातक, कारण ते बरोबर त्या फटीत बसतात आणि दोन्ही पृष्ठभाग खरवडतात. 1988 साली जनरल मोटर्सच्या अभियंत्यांनी प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात 40 मायक्रॉनच्या, म्हणजे तेवढ्या आकारापर्यंतचे कण अडवणाऱ्या, फिल्टरशी तुलना केली होती. 30 मायक्रॉनच्या फिल्टरने झीज निम्म्यावर आली, तर 15 मायक्रॉनच्या फिल्टरने ती 70 टक्क्यांनी घटली.

झीज म्हणजे केवळ दुरुस्तीचा खर्च नव्हे. पिस्टनच्या रिंगा आणि सिलिंडरच्या भिंती घासल्या की दोन गोष्टी होतात. जळलेला वायू रिंगांवरून खाली तेलात उतरतो, आणि खालचे तेल वर चढून जळते. गाडी ‘ऑइल पिऊ’ लागते. सायलेन्सरमधून निळसर धूर दिसतो तो याच तेलाचा, आणि धूर दिसण्याच्या कितीतरी आधीपासून अतिसूक्ष्म कण बाहेर पडत असतात. टू-स्ट्रोक इंजिनात तेल इंधनातच मिसळून जाळतात. त्या इंजिनांचा धूर आठवला की जळलेले तेल हवेचे काय करते हे वेगळे सांगावे लागत नाही. फोर-स्ट्रोक इंजिन झिजून त्या वाटेला लागू नये, हे ऑइल फिल्टरचे हवेसाठीचे खरे काम. ते मंद आहे, वर्षांच्या हिशेबाने मोजावे लागते आणि धुराच्या एखाद्या चाचणीत दिसत नाही. मला तरी ते फिल्टरच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या मायलेजच्या गप्पांपेक्षा कितीतरी मोलाचे वाटते.

हवा स्वच्छ करण्याच्या पहिल्याच मोठ्या उपायाने तेलावरचा भार वाढवला. 1950 च्या सुमारास लॉस एंजेलिसच्या धुरक्याचा अभ्यास करताना कॅल्टेक या संशोधन संस्थेतले शास्त्रज्ञ आरी हागेन-स्मिट यांनी दाखवून दिले की वाहनांतून निघणारे हायड्रोकार्बन आणि नायट्रोजन ऑक्साइड सूर्यप्रकाशात एकत्र येऊन हे धुरके बनवतात. मग हायड्रोकार्बन कुठून कुठून निघतात याचा शोध सुरू झाला. तेव्हाच्या गाड्यांच्या क्रँककेसला, म्हणजे इंजिनाच्या तळाच्या पेटीला, खाली एक उघडी नळी असे. रिंगांवरून उतरलेला वायू, तेलाची वाफ, न जळलेले पेट्रोल सगळे तिच्यातून थेट रस्त्यावर. गाडीच्या एकूण हायड्रोकार्बन उत्सर्जनाचा सुमारे पाचवा हिस्सा या नळीतून जात होता. उपाय सोपा होता: नळी बंद करायची आणि तो वायू एका व्हॉल्व्हमधून पुन्हा इंजिनात ओढून जाळायचा. 1961 च्या मॉडेलपासून कॅलिफोर्नियातल्या नव्या गाड्यांत हा पीसीव्ही व्हॉल्व्ह आला आणि दोनेक वर्षांत अमेरिकेतल्या बाकी गाड्यांतही पसरला.

हवेचा मोठा फायदा झाला. पण व्हॉल्व्ह चिकटला किंवा तुंबला की ओलावा आणि आम्लधर्मी वाफा आता क्रँककेसमध्येच कोंडल्या जात आणि तेलाचा राडा होई. त्यावर तेलाच्या रसायनांत सुधारणा कराव्या लागल्या, आणि फिल्टर वेळेवर बदलणे ही हौशी मालकाची काळजी न राहता इंजिनाची गरज बनली.

1975 च्या मॉडेलपासून अमेरिकेत कॅटॅलिटिक कन्व्हर्टर सर्रास बसू लागले. त्यासाठी पेट्रोलमधून शिसे काढावे लागले. त्याचा एक कमी बोलला जाणारा फायदा असा की वापरलेल्या तेलात साठणारे शिसेही घटत गेले. मात्र कन्व्हर्टरला तेलातल्या फॉस्फरसचेही वावडे. झीज रोखण्यासाठी तेलात जस्त आणि फॉस्फरस असलेले एक रसायन घालतात. तेल जळले की त्यातला फॉस्फरस कन्व्हर्टरवर बसून त्याला निकामी करतो. म्हणून पेट्रोल गाड्यांच्या तेलातली फॉस्फरसची मर्यादा 1990 च्या दशकाच्या सुरुवातीच्या 0.12 टक्क्यांवरून 2004 पर्यंत 0.08 टक्क्यांवर आली. झिजलेले इंजिन दुहेरी नुकसान करते ते असे: स्वतः धूर सोडते आणि धूर साफ करणारे यंत्रही मारते.

डिझेलची कथा याहून कठीण. नायट्रोजन ऑक्साइड कमी करण्यासाठी जळलेल्या वायूचा काही भाग पुन्हा सिलिंडरमध्ये सोडतात. त्याने ज्वलन थंडावते, पण काजळी वाढते आणि तिचा काही भाग तेलात उतरतो. पुढे धुरातले कण पकडायला डीपीएफ (डिझेल पार्टिक्युलेट फिल्टर) आला. त्यात साठलेली काजळी जाळता येते, तेलातल्या धातुयुक्त रसायनांची राख मात्र जळत नाही. ती तिथेच साठत जाते आणि शेवटी डीपीएफ काढून साफ करावा किंवा बदलावा लागतो. म्हणून 2000 नंतरच्या दशकात कमी राखेची तेले आली. जड वाहनांच्या मोठ्या इंजिनांत मुख्य फिल्टरच्या जोडीला तेलाचा थोडा हिस्सा गरगर फिरवून काजळी बाजूला काढणारे सेंट्रिफ्यूज फिल्टरही दिसतात. शंभर वर्षांपूर्वीची बायपासची कल्पना अशी वेगळ्या रूपात टिकून आहे.

राहिला प्रश्न कचऱ्याचा, आणि माझ्या मते टिकाऊपणाच्या दृष्टीने सगळ्यांत मोठा हाच. काढलेला फिल्टर रिकामा नसतो. गाडीच्या फिल्टरमध्ये पाव लिटरच्या आसपास तेल सहज अडकून राहते. एका ऑइल चेंजमधले तेल दहा लाख गॅलन (एक गॅलन म्हणजे सुमारे 3.8 लिटर) गोडे पाणी खराब करू शकते, असे अमेरिकेची पर्यावरण संस्था ईपीए सांगते. ते उघड्यावर जाळले तर जस्त, कॅडमियम यांसारखे धातू धुरावाटे हवेत जातात. म्हणजे जे हवेत जाऊ नये म्हणून इतकी वर्षे तेलात धरून ठेवले, ते एका शेकोटीत परत हवेत.

1992 साली ईपीएने वापरलेल्या फिल्टरबाबत नियम केला. शिसे-कथिलाचा मुलामा असलेले फिल्टर वगळता बाकीचे, गरम असतानाच नीट निथळून घेतले तर त्यांना धोकादायक कचरा मानायचे नाही. निथळण्याची रीतही त्यात आली: इंजिन तापलेले असताना फिल्टर काढायचा, डब्याच्या घुमटाकार टोकाला किंवा आतल्या रबरी चकतीला भोक पाडायचे आणि उपडा ठेवायचा. शिफारस 12 तासांची. भोक पाडणे महत्त्वाचे, कारण ती चकती तेल धरून ठेवण्यासाठीच बनवलेली असते. नुसता उपडा ठेवलेला फिल्टर पुरता रिकामा होत नाही. निथळलेला डबा चेपला की पोलाद भट्टीत वितळवता येते. गोळा झालेले तेल शुद्ध करून पुन्हा वंगण बनते. ईपीएच्या हिशेबाने अडीच क्वार्ट, म्हणजे सव्वादोन लिटरहून थोडे अधिक नवे वंगण मिळवायला 42 गॅलन कच्चे तेल लागते. तेवढेच वंगण एका गॅलन वापरलेल्या तेलातून निघते.

पत्र्याचा डबा नको म्हणून 1990 च्या दशकापासून युरोपातल्या अनेक कंपन्या काडतूस पद्धतीकडे वळल्या. घर इंजिनावर कायमचे, बदलायची फक्त कागदाची गुंडाळी. कचरा खूप कमी होतो. त्याच सुमारास सिंथेटिक तेल आणि काचतंतूचे फिल्टर आले आणि बदलण्याचे अंतर काही हजार किलोमीटरवरून 15 हजार किंवा त्याहून पुढे गेले. गरज नसताना तीन-चार हजारांवर तेल-फिल्टर फेकणे ही उधळपट्टीच. पण हे वाढलेले अंतर तितक्या चालीच्या फिल्टरसाठी असते. पातळ कागदाचा, सैल डिंकाचा नकली फिल्टर बसवून तेच अंतर ओढले तर न गाळलेले तेल पुढे सोडणारा तो स्प्रिंगचा व्हॉल्व्ह बहुतांश वेळ उघडाच राहतो.

विजेवर चालणाऱ्या गाड्यांना इंजिन ऑइल नाही, त्यामुळे त्यांच्यापुरता हा विषय संपतो. हायब्रिडमध्ये तो वेगळ्या रूपात उरतो. तिथे इंजिन थोडा वेळ चालते, बंद पडते, पुन्हा चालते, आणि छोट्या फेऱ्यांत तेल पुरते तापतच नाही. त्यात मिसळलेले पाणी आणि पेट्रोल उडून जात नाही. पेट्रोल तेल पातळ करते आणि ओलावा कागदाचे तंतू कमजोर करतो. फिल्टर यातले काहीच गाळून काढू शकत नाही. म्हणून अशा गाडीत नुसते किलोमीटर मोजून भागत नाही. कंपनीने दिलेली महिन्यांची मुदतही पाळावी लागते.