दोन दिवसांत डिमेंशिया होत नाही

आमच्या नौपाड्यात कुणाचे आजोबा अचानक असंबद्ध बोलू लागले की निदान लिफ्टमध्येच होतं: "डिमेंशिया झाला वाटतं." जोडीला 'साठी बुद्धी नाठी' असतंच. या म्हणीचा मला मनस्वी तिटकारा आहे.

डिमेंशिया, म्हणजे स्मृतिभ्रंश, आता बहुतेकांना ठाऊक आहे. तेच तेच विचारणं, पैशांचा हिशेब चुकणं, पुढे कधीतरी तलावपाळीवरून घरी यायचा रस्ता न सापडणं. अल्झायमर हा त्यातला सर्वाधिक आढळणारा आजार. त्यावर इथे वेळ घालवत नाही.

घोळ होतो तो डिलिरियमशी, म्हणजे अचानक उद्भवणाऱ्या भ्रमाशी. तापात बरळणाऱ्याला जुनी माणसं 'वात झालाय' म्हणायची, ते हेच. फक्त उतारवयात ताप असेलच असं नाही. लघवीचं इन्फेक्शन, न्यूमोनिया, रक्तातलं सोडियम घसरणं, पाणी कमी पडणं, खुब्याचं ऑपरेशन, झोपेची नवी गोळी, अगदी सर्दीची काही साधी औषधंसुद्धा पुरतात.

डिमेंशिया बहुधा महिन्या-वर्षांनी वाढत जातो, डिलिरियम काही तासांत किंवा एक-दोन दिवसांत येतो. सोमवारी भाजीवाल्याशी घासाघीस करणाऱ्या आजी बुधवारी लेकीला ओळखेनात, तर नुसत्या वयाला दोष देऊ नका. शिवाय चढउतार असतो: सकाळी बऱ्या, रात्री भिंतीवर मुंग्या दिसतात. दुसरी खूण लक्षाची. रविवारपासून वार उलटे म्हणायला सांगा. सुरुवातीच्या डिमेंशियात सकाळचा नाश्ता आठवत नाही, पण हे बहुधा जमतं. डिलिरियममध्ये शुक्रवारपर्यंत येता येता आपण काय म्हणत होतो तेच सुटतं.

आरडाओरडा करणारा रुग्ण निदान दवाखान्यात तरी पोचतो. दिवसभर पेंगणारा, जेवण टाळणारा, गप्प बसणारा हमखास सुटतो, कारण घरच्यांना वाटतं, आजोबा शांत झाले. तोही डिलिरियमच असू शकतो. आणि आधीच डिमेंशिया असलेल्यांना तो अधिक सहज गाठतो. तिथे "त्यांचं असंच असतं" ऐकलं की माझं डोकं फिरतं.

डिमेंशियाच्या तपासणीला पुढच्या महिन्याची अपॉइंटमेंट चालेल, याला नाही. त्याच दिवशी डॉक्टर गाठा. चालू गोळ्यांच्या सगळ्या स्ट्रिप्स पिशवीत घालून न्या, चष्मा आणि कानाचं मशीन विसरू नका. घरात उरलेली झोपेची गोळी मनाने देऊ नका. गेल्या काही आठवड्यांत बाथरूममध्ये घसरले असतील तर तेही सांगा. डोक्यात हळूहळू रक्त साचलं असेल, तर ते स्कॅनमध्येच कळतं.