वेंडी ओ. विल्यम्स

वेंडी ओ. विल्यम्स (२८ मे १९४९ – ६ एप्रिल १९९८) ही अमेरिकन पंक (म्हणजे रांगडं, बंडखोर रॉक) गायिका आणि परफॉर्मन्स आर्टिस्ट, प्लाझ्मॅटिक्स या न्यूयॉर्कच्या बँडची मुख्य आवाज. डोक्यावर मोहॉक (दोन्ही बाजू भादरून मधे ठेवलेला केसांचा तुरा), अंगावर जेमतेम कपडे आणि हातात चेनसॉ, म्हणजे यंत्रावर चालणारी करवत, असा तिचा फोटो बऱ्याच जणांनी कुठेतरी पाहिलेला असतो पण नाव ठाऊक नसतं. तिला नुसती तोडफोड करणारी बाई म्हणून बाजूला काढतात ते मला मुळीच पटत नाही. तिने आयुष्यभर वस्तू फोडल्या, जिवंत प्राणी मात्र जपले, आणि हे लक्षात घेतल्याशिवाय तिचं काम कळत नाही.

जन्म न्यूयॉर्क राज्यातल्या वेबस्टर गावचा. शाळेत क्लॅरिनेट वाजवायची. सोळाव्या वर्षी घर सोडलं, वाटेत गाड्यांना हात करत कोलोरॅडोला पोचली, मग कुठे बिकिन्या विणून विकल्या, कुठे लाइफगार्डचं काम केलं, असं करत करत युरोपही फिरून आली. १९७६ मध्ये न्यूयॉर्कला आल्यावर एका जाहिरातीवरून तिची रॉड स्वेन्सनशी गाठ पडली. स्वेन्सन येल विद्यापीठात कला शिकलेला, कला माणसाला किती अंगावर येते त्यावर तिची उंची मोजायची असं त्याचं म्हणणं, आणि तेव्हा तो टाइम्स स्क्वेअरमध्ये प्रौढांसाठीचे प्रायोगिक शो करायचा. दोघं शेवटपर्यंत एकत्र राहिले. त्यांनी प्लाझ्मॅटिक्स उभा केला आणि १९७८ च्या जुलैमध्ये सीबीजीबी या क्लबात पहिला शो केला.

पुढे जे झालं ते गाण्याच्या कार्यक्रमापेक्षा फार वेगळं होतं. वेंडी गाता गाता घण घेऊन टीव्ही फोडायची, चालू चेनसॉने गिटारचे दोन तुकडे करायची. 'बुचर बेबी' या त्यांच्या सुरुवातीच्या गाण्यात तर जिथे गिटार सोलो यायला हवा तिथे चक्क गिटार कापल्याचा आवाज आहे, म्हणजे वाद्याचा शेवटचा सूर तेच वाद्य तुटताना निघतो, आणि हे ऐकताना खरंच अंगावर काटा येतो. टीव्ही, मोटार, गिटार या सगळ्या वस्तू लोक हप्ते भरून घेतात आणि मग देव्हाऱ्यासारख्या जपतात, म्हणून नेमक्या त्याच फोडायच्या. १९८० मध्ये लंडनच्या हॅमरस्मिथ ओडियन या थिएटरमधला शो ऐनवेळी रद्द झाला, कारण स्टेजवर गाडी उडवायला तिथल्या प्रशासनाने परवानगी नाकारली. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये न्यूयॉर्कमध्ये बोटींच्या एका धक्क्यावर हजारो लोकांसमोर ती स्फोटकं भरलेल्या स्टेजच्या दिशेने कॅडिलॅक गाडी चालवत निघाली, शेवटच्या क्षणी उडी मारली आणि मागे सगळं स्टेज हवेत गेलं. हे स्टंट ती स्वतः करायची, डमी नाही.

याची किंमतही मोजावी लागली. जानेवारी १९८१ मध्ये मिलवॉकीत शोनंतर अश्लीलतेच्या नावाखाली पोलिसांनी तिला पकडलं, त्या झटापटीत ती इतकी जखमी झाली की चेहऱ्यावर टाके पडले. लगेच पुढे क्लीव्हलँडमध्येही तसाच खटला, तिथे ती निर्दोष सुटली. अंगावर शेव्हिंग क्रीम एवढंच असल्याचा आक्षेप होता, तेव्हा नंतर तिने छातीवर काळी इलेक्ट्रिकल टेप लावायला सुरुवात केली आणि तीच तिची ओळख होऊन बसली.

आवाज खरखरीत, जोरकस, पंककडून हेवी मेटलकडे सहज सरकणारा. १९८४ चा तिचा सोलो अल्बम किस बँडच्या जीन सिमन्सने केला आणि १९८५ मध्ये तिला उत्कृष्ट महिला रॉक गायिकेसाठी ग्रॅमी नामांकन मिळालं (बक्षीस टीना टर्नरला गेलं). मोटरहेड या ब्रिटिश रॉक बँडचा गायक लेमी याच्याबरोबर तिने १९८२ मध्ये एक जुनं कंट्री गाणं गायलं, त्या रेकॉर्डिंगवरून वाद होऊन मोटरहेडचा गिटारिस्ट एडी क्लार्क बँड सोडून गेला. प्लाझ्मॅटिक्सच्या १९८७ च्या 'मॅगट्स' या अल्बममध्ये पर्यावरणाचा नाश आणि तापत चाललेली पृथ्वी हाच विषय आहे, तेव्हा हे बोलणारे रॉकवाले किती होते!

आणि ही बाई पक्की शाकाहारी, १९६६ पासून. दारू, सिगरेट, ड्रग्ज काही नाही, त्या काळच्या पंक वर्तुळात हे विरळाच. एका शाकाहारी मासिकाच्या मुखपृष्ठावरही ती झळकली होती. १९९१ मध्ये ती कनेक्टिकटमधल्या स्टोर्सला गेली, घुमटाकार घरात राहायची, जवळच्या एका सहकारी किराणा दुकानात काम करायची आणि जखमी, अनाथ वन्यप्राण्यांची शुश्रूषा करायची. जे हात घण चालवायचे तेच!

शेवटची काही वर्षं नैराश्याशी झगडत १९९८ मध्ये, वयाच्या ४८ व्या वर्षी, तिने आत्महत्या केली. त्यानंतर मे महिन्यात तिच्या आठवणीत प्लाझ्मॅटिक्सचे जुने वादक पुन्हा एकत्र वाजले, तेही सीबीजीबीतच.