एनएफएल प्लेऑफ आणि त्याचे वेळापत्रक

अमेरिकेतील नॅशनल फुटबॉल लीग (एनएफएल) या व्यावसायिक अमेरिकन फुटबॉल स्पर्धेची साखळीनंतरची बाद फेरी. साखळी संपली की ३२ पैकी १४ संघ तिच्यात उतरतात. जो हरला तो त्याच दिवशी घरी जातो आणि फेब्रुवारीतल्या ‘सुपर बोल’ या अंतिम सामन्यात विजेता ठरतो. सगळे मिळून सामने अवघे १३. पण सुपर बोल सोडला तर त्यांत कोण कुणाशी, कुठे आणि किती वाजता खेळणार हे आठवडाभर आधीपर्यंत कुणालाच ठाऊक नसते. म्हणून प्लेऑफचा नाद असलेल्या माणसाचा निम्मा वेळ सामने पाहण्यात जातो आणि निम्मा ‘हा हरला तर तो येईल’ हे गणित मांडण्यात.

मराठीत नुसते फुटबॉल म्हटले की पायाने खेळायचा खेळ डोळ्यांपुढे येतो. इथे चेंडू अंडाकृती असतो आणि तो हातात धरून पळायचा किंवा फेकायचा असतो. अंगावर अंग आदळणाऱ्या या खेळात एका संघाला आठवड्याला साधारण एकच सामना झेपतो. बेसबॉल आणि बास्केटबॉलच्या बाद फेऱ्यांत सात-सात सामन्यांपर्यंतच्या मालिका होतात. इथे तशी सोय नाही. एक वाईट दुपार आली की वर्षभराची मेहनत पाण्यात.

पात्रता आणि मानांकन

लीगमध्ये अमेरिकन (एएफसी) आणि नॅशनल (एनएफसी) अशा दोन कॉन्फरन्स आहेत. प्रत्येकीत १६ संघ असून ते पूर्व, उत्तर, दक्षिण आणि पश्चिम अशा चार विभागांत चार-चार वाटले आहेत. ही मांडणी २००२ पासूनची. २०२१ पासून प्रत्येक संघ १८ आठवड्यांत १७ साखळी सामने खेळतो. तालिकेत गुण नसतात, विजयांची टक्केवारी असते आणि बरोबरी म्हणजे अर्धा विजय.

प्रत्येक कॉन्फरन्समधून चार विभागविजेते आणि उरलेल्यांतले सर्वोत्तम तीन ‘वाइल्ड कार्ड’ संघ पुढे जातात. विभागविजेत्यांना १ ते ४ आणि वाइल्ड कार्डवाल्यांना ५ ते ७ मानांकन मिळते. पहिल्या मानांकिताला पहिल्या फेरीत पुढे चाल मिळते. बाकीच्यांत दुसरा सातव्याशी, तिसरा सहाव्याशी आणि चौथा पाचव्याशी भिडतो, तोही वरच्या मानांकिताच्या मैदानावर. सात संघांची ही पद्धत २०२० च्या हंगामात आली. त्याआधी कॉन्फरन्सला सहा संघ असत आणि पुढे चाल पहिल्या दोघांना मिळे. दुसऱ्या क्रमांकाची ती सवलत गेल्यापासून पहिल्या जागेची किंमत फारच वाढली आहे.

विभागविजेता हा वाइल्ड कार्डच्या वरच बसतो, मग त्याची कामगिरी कितीही सुमार असो. २०१० च्या हंगामात सिअॅटल सीहॉक्सने ७ विजय आणि ९ पराभव एवढ्या भांडवलावर आपला दुबळा विभाग जिंकला आणि ११ सामने जिंकलेल्या न्यू ऑर्लिन्स सेंट्सला सिअॅटलला खेळायला यावे लागले. तो सामना सीहॉक्सने ४१-३६ असा जिंकलाही. त्यात सीहॉक्सच्या मार्शॉन लिंचने ६७ यार्डांची धाव घेतली, तेव्हा प्रेक्षकांच्या उड्यांनी जवळच्या भूकंपमापकावर नोंद झाली. नियम अन्यायाचा आहे असे म्हणणारे तेव्हाही होते, आजही आहेत. पण विभाग जिंकण्याला काही अर्थ उरायचा तर त्याचे बक्षीस ठेवावेच लागते. २०२५ मध्ये डेट्रॉइट लायन्सने मानांकन निव्वळ कामगिरीवर द्यावे असा प्रस्ताव मांडला आणि पुढे मागे घेतला.

फिरता तक्ता

टेनिसच्या स्पर्धेत पहिल्या दिवशी तक्ता लागतो आणि अंतिम सामन्यापर्यंतची वाट त्यात दिसते. एनएफएलमध्ये असा कायमचा तक्ता नसतो. पहिली फेरी झाली की उरलेल्यांची पुन्हा मांडणी होते आणि पहिल्या मानांकिताच्या वाट्याला उरलेल्यांतला सर्वांत खालचा संघ येतो. नवख्या प्रेक्षकाची गाडी नेमकी इथे अडते, म्हणून २०२४ च्या हंगामातील एनएफसीचे उदाहरण सविस्तर पाहण्यासारखे आहे.

५ जानेवारी २०२५ च्या रात्री साखळीचा शेवटचा सामना डेट्रॉइटमध्ये होता. लायन्स आणि मिनेसोटा वायकिंग्ज एकाच विभागातले, आणि दोघांचेही १४ विजय, २ पराभव. जिंकणाऱ्याला पहिले मानांकन, पुढे चाल आणि सुपर बोलपर्यंत घरचे मैदान; हरणाऱ्याला थेट पाचवे मानांकन आणि परगावची वाट. लायन्सने ३१-९ असा विजय मिळवला. १४ सामने जिंकूनही वायकिंग्जना, १० विजयांवर विभाग जिंकलेल्या लॉस एंजेलिस रॅम्सकडे जावे लागले. तेवढ्यात लॉस एंजेलिस परिसरात वणवे पेटले आणि सामना अॅरिझोना राज्यातल्या ग्लेनडेलला हलवावा लागला. रॅम्सने तो २७-९ असा जिंकला.

इकडे दुसऱ्या मानांकित फिलाडेल्फिया ईगल्सने सातव्या ग्रीन बे पॅकर्सला हरवले आणि सहाव्या वॉशिंग्टन कमांडर्सने तिसऱ्या टँपा बे बकनिअर्सना त्यांच्याच मैदानावर २३-२० असे बाद केले. आता उरले १, २, ४ आणि ६. लायन्सना सहावे कमांडर्स मिळाले आणि ईगल्सना चौथे रॅम्स. टँपा बे जिंकले असते तर लायन्सपुढे रॅम्स आले असते. आठवडाभर विश्रांती घेऊन बसलेल्या लायन्सना आपला प्रतिस्पर्धी असा दुसऱ्यांच्या निकालांतून कळला. एवढ्या आटापिट्याने मिळवलेली पहिली जागा त्यांना एकही विजय देऊन गेली नाही: कमांडर्सने त्यांना डेट्रॉइटमध्येच ४५-३१ असे हरवले. ईगल्सने मग कमांडर्सना ५५-२३ असे धुतले आणि सुपर बोलमध्ये कॅन्सस सिटी चीफ्सना ४०-२२ ने नमवले.

शेवटच्या रविवारचे गणित

डिसेंबर लागला की वृत्तपत्रांतल्या तालिकांत संघांच्या नावापुढे एक्स, वाय, झेड अशी अक्षरे उगवतात. एकाचा अर्थ पात्रता पक्की, दुसऱ्याचा विभाग जिंकला, तिसऱ्याचा आणखी काही. गंमत अशी की कोणत्या अक्षराचा कोणता अर्थ हे प्रत्येक प्रकाशनाचे आपापले असते, त्यामुळे तळटीप वाचल्याशिवाय आनंद किंवा दुःख करू नये.

दोन संघांची टक्केवारी सारखी निघाली तर बरोबरी फोडायची नियमांची मोठी उतरंड आहे. एकाच विभागातले असतील तर आधी आपसातले सामने, मग विभागातली कामगिरी, मग दोघांनी खेळलेले समान प्रतिस्पर्धी, मग कॉन्फरन्समधली कामगिरी. त्यानेही भागले नाही तर ज्यांना हरवले ते संघ किती ताकदीचे होते हे पाहिले जाते. उतरंडीच्या तळाशी चक्क नाणेफेक आहे.

शेवटच्या आठवड्यात सगळे सामने विभागांतर्गतच ठेवतात, म्हणजे निरर्थक सामने कमी होतात. त्यांच्या वेळाही सतरावा आठवडा संपल्यावरच जाहीर होतात. एकमेकांवर अवलंबून असलेले सामने शक्यतो एकाच वेळी लावायचे हा त्यामागचा हेतू. तरी रविवारी रात्रीचा सामना एकटाच उरतो आणि त्या संघांना दिवसभराचे निकाल माहीत असतात. ९ जानेवारी २०२२ ला यातून भलताच पेच उभा राहिला. दुपारी इंडियानापोलिस कोल्ट्स तळाच्या जॅक्सनव्हिल जॅग्वार्सकडून हरले, आणि रात्रीच्या लास व्हेगस रेडर्स व लॉस एंजेलिस चार्जर्स यांच्या सामन्यात बरोबरी झाली तर दोघेही पात्र आणि पिट्सबर्ग स्टीलर्स बाहेर, असे समीकरण झाले. दोघांनी चेंडू हाती येताच गुडघा टेकून, म्हणजे खेळ न करता, नुसता वेळ काढला तर, असा विनोद दिवसभर चालला होता. सामना खरोखरच अतिरिक्त वेळेत गेला आणि अखेरच्या मिनिटाला ३२-३२ अशी बरोबरी होती. शेवटच्या क्षणी रेडर्सने किक मारून ३५-३२ असा विजय मिळवला. चार्जर्स बाहेर गेले आणि घरी बसलेले स्टीलर्स आत आले.

कसे घडत गेले

सुरुवातीला बाद फेरी नव्हतीच. तालिकेत पहिला तोच विजेता. १९३२ मध्ये शिकागो बेअर्स आणि पोर्ट्समथ स्पार्टन्स अग्रस्थानी बरोबरीत आले, म्हणून एक जादा सामना ठरला. हिमवादळामुळे तो शिकागो स्टेडियमच्या छताखाली, जेमतेम ८० यार्डांच्या मैदानावर झाला आणि बेअर्सने ९-० असा जिंकला. लोकांना तो इतका आवडला की १९३३ पासून लीगचे दोन भाग करून दोघांच्या विजेत्यांत अंतिम सामना सुरू झाला. १९६० मध्ये अमेरिकन फुटबॉल लीग ही प्रतिस्पर्धी लीग उभी राहिली. दोघींच्या विजेत्यांतला पहिला सामना, म्हणजेच पहिला सुपर बोल, १५ जानेवारी १९६७ ला लॉस एंजेलिसमध्ये झाला; ग्रीन बे पॅकर्सने कॅन्सस सिटी चीफ्सना ३५-१० ने हरवले. १९७० मध्ये दोन्ही लीग एक झाल्या आणि कॉन्फरन्सला एक वाइल्ड कार्ड आले. प्लेऑफमधल्या संघांची संख्या मग १९७८ मध्ये १०, १९९० मध्ये १२ आणि २०२० मध्ये १४ झाली.

घरचे मैदान कामगिरीवर मिळते हे आज स्वाभाविक वाटते, पण १९७५ पर्यंत ते पाळीपाळीने फिरे. १९७२ मध्ये एकही सामना न हरलेल्या मायामी डॉल्फिन्सना कॉन्फरन्सचा अंतिम सामना पिट्सबर्गला जाऊन खेळावा लागला होता. तो जिंकून आणि पुढे सुपर बोलही जिंकून ते १७-० राहिले. त्याच काळात घरच्या शहरात घरच्या संघाचा सामना दूरचित्रवाणीवर दाखवतच नसत. तिकीट न मिळालेले चाहते शहराबाहेर मोटेलात खोली घेऊन सामना पाहत. १९७३ मध्ये अमेरिकी संसदेने कायदा केल्यावर तिकिटे संपलेले सामने घरी दिसू लागले.

थंडी, वारा आणि जादा वेळ

जानेवारीतले घरचे मैदान म्हणजे फक्त ओळखीचा गोंगाट नव्हे. ३१ डिसेंबर १९६७ ला ग्रीन बेमध्ये पॅकर्स आणि डॅलस काउबॉइज यांच्या सामन्यात तापमान उणे २५ अंश सेल्सिअसच्या आसपास होते आणि पंचांना शिट्ट्या वाजवता येईनात. उत्तरेकडच्या उघड्या मैदानांवर बर्फ पडते, फेकलेला चेंडू वाऱ्याने भरकटतो, आणि छताखाली खेळायची सवय असलेले पाहुणे गारठतात. फक्त सुपर बोलचे मैदान काही वर्षे आधी ठरवलेले आणि तटस्थ असते. तरी टँपा बे २०२१ मध्ये आणि रॅम्स २०२२ मध्ये योगायोगाने आपल्याच मैदानावर सुपर बोल खेळले आणि जिंकलेही.

प्लेऑफमध्ये बरोबरी चालत नाही. निर्णय लागेपर्यंत १५-१५ मिनिटांचे डाव चालू राहतात. १९७१ च्या नाताळला मायामीने कॅन्सस सिटीला हरवायला ८२ मिनिटे ४० सेकंद घेतली. तो आजवरचा सर्वांत लांबलेला सामना आहे. २३ जानेवारी २०२२ ला चीफ्सने नाणेफेक जिंकून पहिल्याच प्रयत्नात टचडाउन केला (चेंडू मैदानाच्या पलीकडच्या टोकाच्या पट्ट्यात नेला), तेव्हाच्या नियमाने सामना तिथेच संपला आणि बफेलो बिल्सचा चेंडू फेकणारा मुख्य खेळाडू जॉश अॅलन याला जादा वेळेत चेंडूला हातही लावता आला नाही. त्यावर एवढी ओरड झाली की त्याच वर्षी प्लेऑफसाठी नियम बदलून दोन्ही संघांना एकेक संधी मिळू लागली. हा नियम पहिल्यांदा लागला तो थेट फेब्रुवारी २०२४ च्या सुपर बोलमध्ये. त्यात हरलेल्या सॅन फ्रान्सिस्कोच्या काही खेळाडूंनी नंतर सांगितले की नवा नियम त्यांना माहीतच नव्हता.

वेळापत्रक, आणि ते भारतातून

पहिली फेरी जानेवारीच्या दुसऱ्या आठवडाअखेरीस येते: शनिवारी दोन सामने, रविवारी तीन, सोमवारी रात्री एक. पुढच्या आठवड्यात चार, त्यापुढच्या रविवारी कॉन्फरन्सचे दोन अंतिम सामने. मग एक आठवडा रिकामा आणि २०२२ पासून फेब्रुवारीच्या दुसऱ्या रविवारी सुपर बोल. हंगामाला सुरुवातीच्या वर्षाचे नाव असते, त्यामुळे फेब्रुवारी २०२५ मधला सुपर बोल २०२४ च्या हंगामाचा. सुपर बोलच्या क्रमांकाला रोमन आकडे वापरायची प्रथा पडली त्यामागे हा घोटाळाही आहे.

अमेरिकेतल्या वेळा पूर्व किनाऱ्याच्या घड्याळाने छापतात. तिथली घड्याळे नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी एक तास मागे जातात, त्यामुळे भारताशी साडेनऊ तासांचे अंतर साडेदहा होते. ऑक्टोबरात रात्री साडेदहाला सुरू होणारा दुपारी एकचा सामना जानेवारीत साडेअकराला लागतो. शनिवारी दुपारी साडेचारचा सामना पुण्या-मुंबईत रविवारी पहाटे तीनला, रात्री सव्वाआठचा सकाळी पावणेसातला. कॉन्फरन्सचे अंतिम सामने रविवारी मध्यरात्रीनंतर दीडला आणि सोमवारी पहाटे पाचला असे गैरसोयीचे पडतात. अमेरिकेतल्या मराठी मंडळांची अडचण निराळी: संक्रांतीचे कार्यक्रम याच शनिवार-रविवारी येतात. सुपर बोल पूर्वेकडे रविवारी संध्याकाळी साडेसहाला, म्हणजे आपल्याकडे सोमवारी पहाटे पाचला सुरू होतो. घड्याळातली ६० मिनिटे, थांबे, जाहिराती आणि मध्यंतराचा गाण्यांचा मोठा कार्यक्रम धरून तो संपेपर्यंत ऑफिसची लोकल बहुधा सुटलेली असते.