दशांशचिन्ह कुणी द्यायचं?

गणिताच्या वर्गात कॅल्क्युलेटर असावा की नसावा, हा वाद कॅल्क्युलेटरहून कितीतरी जुना आहे. फ्लोरेन्सच्या सराफांच्या संघाने तर १२९९ मध्ये हिशेबाच्या वह्यांत भारतीय-अरबी अंक वापरायलाच मनाई केली होती. शून्याला शेपूट जोडून नऊ करणं सोपं, अशी धास्ती होती म्हणतात.

पुढचं मोठं वळण लॉगॅरिदमचं, म्हणजे ठरावीक पायाचा कितवा घात घेतला की हवी ती संख्या मिळते ते सांगणाऱ्या आकड्यांचं. जॉन नेपिअरने ते १६१४ मध्ये मांडले आणि गुणाकाराचं काम बेरजेवर आलं. हेन्री ब्रिग्जने १० हा पाया धरून १६२४ मध्ये तीस हजार संख्यांचे लॉग छापले, तेही चौदा दशांश स्थळांपर्यंत. सगळं हाताने! पुढे या कोष्टकांची छोटी रूपं शाळेत आली आणि विद्यार्थ्यांच्या पिढ्यानपिढ्या त्यांत बोट ठेवून उत्तरं शोधत राहिल्या.

त्याच सुमारास विल्यम ऑट्रेडने लॉगच्या खुणा असलेल्या दोन पट्ट्या एकमेकींवर सरकवल्या. हाच स्लाइड रूल. त्याच्यावर साधारण तीन अंकांपर्यंतचं उत्तर वाचता येई, पण दशांशचिन्ह कुठे ते कळत नसे. २ गुणिले ३ असो, २० गुणिले ३० असो की ०.२ गुणिले ३. पट्टी सहाच दाखवणार. ते सहा आहेत, सहाशे की ०.६, हे वापरणाऱ्याने आधी मनाशी अंदाज बांधून ठरवायचं. मला वाटतं, या अडचणीने जेवढी संख्यांची जाण दिली तेवढी एकाही धड्याने दिली नसेल.

१९७२ मध्ये ह्यूलेट-पॅकार्डचा खिशात मावणारा कॅल्क्युलेटर एचपी-३५ आला, किंमत ३९५ डॉलर. चार-पाच वर्षांत स्लाइड रूलचे कारखाने थंडावले. अमेरिकेतल्या गणित शिक्षकांच्या राष्ट्रीय परिषदेने १९८० मध्येच सर्व इयत्तांत कॅल्क्युलेटर वापरण्याची शिफारस केली, पण सॅट या तिथल्या कॉलेज-प्रवेशाच्या परीक्षेत त्याला परवानगी मिळाली ती १९९४ मध्ये. मधल्या काळात शिक्षक कोणाचं ऐकणार? परीक्षेचंच.

टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सचा १९९५ चा कॅल्क्युलेटर टीआय-९२ बैजिक समीकरणंही सोडवायचा. सॅटने तो नाकारला, कारण त्याला टाइपरायटरसारखा कीबोर्ड होता. मग १९९८ मध्ये जवळपास तीच क्षमता असलेला टीआय-८९ आला, त्या कीबोर्डशिवाय. तो चालला.