जागतिक क्रमवारी आणि आयुष्याची सोय : एक खुलासा

नागपुरात टेनिस कोर्टाबाहेर थांबलेल्या पालकांच्या मोबाइलवर एक मजकूर वर्षानुवर्षे फिरतो : जागतिक क्रमवारीत एकदा नाव आले की खेळाडूच्या आयुष्याची सोय झाली. मोठ्या स्पर्धांतील धनादेशांची छायाचित्रे पाहता हा समज होणे स्वाभाविक आहे. वस्तुस्थिती मात्र निराळी आहे.

पुरुषांच्या व्यावसायिक टेनिसची सर्वांत खालची पायरी म्हणजे ‘एम 15’ स्पर्धा. नावातला आकडा एकूण बक्षिसाचा, म्हणजे 15,000 डॉलरचा असतो. ही रक्कम एकेरी व दुहेरीच्या खेळाडूंत विभागली जाते आणि एकेरीच्या 32 जणांपैकी पहिल्याच फेरीत हरणाऱ्या 16 जणांच्या हाती प्रत्येकी दोनशे डॉलरही पडत नाहीत. प्रवास, मुक्काम, प्रशिक्षक आणि सरावात वारंवार तुटणारे रॅकेटचे गटिंग (रॅकेटच्या जाळीच्या तारा), हा खर्च बहुधा घरचाच.

तिथे एक फेरी जिंकल्यास एक गुण मिळतो आणि क्रमवारीत नाव येते खरे. पण तो गुण 52 आठवड्यांनी वजा होतो, आणि दरम्यान दुसरा कमावला नसेल तर नावही जाते.

पडताळणी सोपी आहे. क्रमवारीत पाचशेच्या पुढचे कोणतेही नाव निवडावे, त्याची वर्षभराची जाहीर बक्षीसकमाई पाहावी आणि त्यातून खेळलेल्या प्रत्येक स्पर्धेचे जाण्यायेण्याचे भाडे वजा करावे.