निवडणुकीतला पैसा आणि डॉक्युमेंटरीवाले: अमेरिकेतली पार्श्वभूमी

अमेरिकेत निवडणुकीतल्या पैशाच्या मागे हात धुवून लागलेले डॉक्युमेंटरीवाले बरेच आहेत, पण त्यांचं काम समजून घ्यायचं तर आधी हे माहिती पाहिजे की तिथला या पैशावरच्या निर्बंधांचा बांध फुटला तोच मुळी एका डॉक्युमेंटरीवरून.

२००४ मध्ये डॉक्युमेंटरीवाल्या मायकल मूरची राष्ट्राध्यक्ष बुशविरोधी फिल्म आली, तेव्हा सिटिझन्स युनायटेड या उजव्या संघटनेने निवडणूक आयोगाकडे तक्रार केली की फिल्मच्या टीव्हीवरच्या जाहिराती म्हणजे सरळसरळ प्रचार आहे. कारण २००२ च्या कायद्याने कंपन्यांच्या पैशातून उमेदवाराचं नाव घेणारी जाहिरात मतदानाआधीचे ६० दिवस (प्रायमरीला, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या निवडणुकीला, ३०) टीव्ही-रेडिओवर बंद होती. तक्रार फेटाळली गेली, मग यांनी स्वतःच फिल्मा काढायला घेतल्या. २००८ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवारीच्या शर्यतीत असलेल्या हिलरी क्लिंटनविरुद्ध दीड तासाची फिल्म केली, ती केबलवरून घरोघरी दाखवायची होती, तिथे तोच कायदा आडवा आला आणि प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं.

मार्च २००९ च्या सुनावणीत न्यायमूर्तींनी विचारलं, मग याच न्यायाने पुस्तकावरही बंदी येईल का? सरकारी वकिलाने तत्त्वतः हो म्हटलं आणि माझ्या मते केस तिथेच फिरली. २१ जानेवारी २०१० ला ५ विरुद्ध ४ असा सिटिझन्स युनायटेडच्या बाजूने निकाल आला. कंपनीने थेट उमेदवाराला पैसे देण्यावर १९०७ पासून असलेली बंदी तशीच राहिली, पण उमेदवारापासून 'स्वतंत्र' राहून कितीही उधळा, मोकळं रान! पाठोपाठ सुपर पॅक, म्हणजे असा अमर्याद 'स्वतंत्र' खर्च करणारे गट, आले, आणि देणगीदाराचं नाव न सांगणाऱ्या संस्थांमधून येणारा 'डार्क मनी' पण वाढला.

याचा सगळ्यात जास्त चटका बसला मोंटाना राज्याला असं मला वाटतं. त्याचं मूळ जुनं आहे. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी तिथल्या सिनेटरची निवड राज्याचे आमदार करायचे, आणि विल्यम क्लार्क नावाच्या तांबे खाणमालकाने ती जागा विकतच घेतल्यासारखी घेतली. १८९९ मध्ये एका आमदाराने लाचेची पाकिटंच सभागृहासमोर आणली, ३० हजार डॉलर रोख! या अनुभवातून १९१२ मध्ये लोकांनी मतदान करून कंपन्यांचा पैसा बंद केला, शंभर वर्षं तो कायदा टिकला आणि २०१२ मध्ये सुप्रीम कोर्टाने साधी सुनावणीही न घेता तो मोडीत काढला. तिथल्याच किम्बर्ली रीडने या विषयावर २०१८ मध्ये फिल्म केली, ती जरूर बघा.

आणि हे फिल्मवाले तरी पैशाच्या तावडीतून कुठे सुटलेत. कार्ल डील आणि टिया लेसिन यांनी कोक बंधू या धनाढ्य उद्योगपतींच्या राजकीय पैशावर फिल्म केली तर २०१३ मध्ये सार्वजनिक टीव्हीसाठी निधी देणाऱ्या संस्थेने दीड लाख डॉलरची मदत मागे घेतली. संस्थेचं म्हणणं, फिल्म ठरल्याप्रमाणे झाली नाही, दिग्दर्शकांचं म्हणणं, संस्थेला त्या बंधूंपैकी डेव्हिड कोकना दुखवायचं नव्हतं, कारण ते सार्वजनिक टीव्हीचे मोठे देणगीदार होते. शेवटी ऑनलाइन वर्गणी काढून हजारो लोकांच्या छोट्या छोट्या रकमांवर ती फिल्म थिएटरात लागली.